बंदरावरच्या दोघी आणि मध्ये आलेला हेन्री

प्रश्न थोडक्यात असा आहे. हिरोशी शिमिझुंचा १९३३ चा मूकपट ‘मिनातो नो निहोन मुसुमे’, म्हणजे ‘बंदरावरच्या जपानी मुली’, बघितला. चर्चमधल्या गोळीच्या सीनला कट उडल्यासारखे वाटतात, तर प्रिंट खराब आहे का? माणसं मध्येच फ्रेममधून विरून का जातात? आणि प्रेमाच्या त्रिकोणातल्या तिघांपैकी कोणीच मरत नाही, मग याला शोकांतिका कशी म्हणायची?

सोप्पं उत्तर आधी देऊन टाकते. प्रिंट खराब नाहीये, ते कट मुद्दाम तसेच केलेत. मी सव्वीस वर्षं एडिटिंग करतेय, सुरुवात स्टीनबेकवर, म्हणजे फिल्म एडिट करायच्या टेबलावर केली, फिल्म हातात धरून, स्प्लायसर आणि टेप घेऊन, आणि गेली बरीच वर्षं शिकवतेही, तर दर बॅचला हा सीन दाखवला की एक तरी हात वर होतोच की मॅडम इथे फ्रेम्स गेल्यात का. त्यामुळे तुम्हाला तसं वाटलं यात काही चूक नाही, डोळा बरोबर जागी अडखळला तुमचा. तिसऱ्या प्रश्नाला मात्र मला जरा वेळ लागणार आहे, कारण माझ्या मते या सिनेमातला त्रिकोण आपण बघतो तसा नाहीच.

ज्यांनी बघितला नसेल त्यांच्यासाठी गोष्ट सांगते. योकोहामा बंदर. सुनाको आणि डोरा या शाळेतल्या जिवलग मैत्रिणी, टेकडीवरच्या रस्त्याने दोघी चालत येतात आणि खाली बंदरातून सुटणारी जहाजं बघत उभ्या राहतात. मग हेन्री येतो मोटरसायकलवरून, सुनाको त्याच्यासोबत जाते आणि डोरा मागे राहते. डोरालाही तो आवडत असतो पण ते ती मनातच ठेवते. पुढे हेन्री वाईट संगतीला लागतो, योको शेरिडन नावाच्या बाईच्या नादी लागतो, सुनाकोला कळतं, ती दोघांना चर्चमध्ये गाठते आणि योकोवर गोळी झाडते. नंतर या बंदरातून त्या बंदरात, पोटासाठी शरीर विकत, अशी तिची वर्षं जातात, सोबत मिउरा नावाचा एक चित्रकार असतो जो तिच्याच कमाईवर जगतो, आणि फिरत फिरत ती शेवटी योकोहामालाच परत येते. इकडे हेन्री सुधारलाय, त्याने लग्न केलंय, संसार मांडलाय. डोराशी.

म्हणजे त्रिकोण दोन आहेत. एकात योको आहे, दुसऱ्यात डोरा. पहिल्यात गोळी सुटते आणि दुसऱ्यात लोकरीचा गुंडा सुटतो, आणि मला विचाराल तर गुंड्याचा सीन जास्त भयंकर आहे. पण आधी गोळी.

चर्चमधल्या त्या क्षणी शिमिझु काय करतात, तर सुनाको पिस्तूल घेऊन उभी आहे, कॅमेरा तिच्या समोर, लांब. कट. तोच कोन, तीच ती, तशीच उभी, पण आपण जवळ. परत कट, अजून जवळ. असं टप्प्याटप्प्याने सरळ रेषेत तिच्या चेहऱ्यापर्यंत. कोन बदलत नाही, ती हलत नाही, म्हणून प्रत्येक कटला जर्क लागतो. आपल्याला कटिंग रूममध्ये पहिल्या आठवड्यात काय शिकवतात, की शॉटचा आकार बदलताना कोनही थोडा बदला, नाहीतर चित्र उडी मारेल. इथे ती उडीच हवी आहे. एका बॅचबरोबर मी एक प्रयोग केला होता तो सांगते, कारण त्यात मलाच एक गोष्ट नव्याने कळली. तो सीन टाइमलाइनवर टाकला, मधले तुकडे काढून टाकले, फक्त लांबचा शॉट आणि एकदम चेहरा. चाललं की, व्यवस्थित चाललं, पण ती एक साधी रिअ‍ॅक्शन झाली, बाई रागावली आहे एवढंच कळलं. मग एका मुलाने लांबच्या शॉटवरच सावकाश झूम टाकला, आजकाल सॉफ्टवेअरमध्ये ते दोन मिनिटांचं काम. तेही वाईट नव्हतं, पण तसं केल्यावर आपण तिच्याकडे चालत चाललोय असं वाटायला लागलं, म्हणजे आपल्याला वेळ आहे, आपण ठरवून जातोय, मनात आलं तर थांबूही शकतो. मग मूळचा लावला. आणि वर्गात एकदम शांतता. कारण मूळच्यात कोणी कोणाकडे जात नाहीये, अंतरच तुटून पडतंय, एक एक तुकडा, दारावर कोणी धक्के मारावेत तसं, आणि मध्ये थांबवायला जागाच नाही. ती मुलगी गोळी झाडायची ठरवते असं मला त्यात कुठे दिसतच नाही. तिला ठरवायला वेळच मिळत नाही. हे संवादाने सांगता आलं नसतं आणि अभिनयानेही नाही, हे फक्त कात्रीने सांगता येतं.

आणि आवाज नाही हे विसरू नका. गोळीचा आवाज आपण ऐकतच नाही.

इथे जरा मागे जावं लागेल, कारण १९३३ साली हा सिनेमा मुका का आहे हा प्रश्न तुम्ही विचारला नाहीत तरी त्यावर बरंच अवलंबून आहे. आपल्याकडे तोपर्यंत ‘अयोध्येचा राजा’ येऊन गेला होता, प्रभात बोलपट घेऊन कोल्हापूरहून पुण्याला आली तेच हे १९३३. जपानमध्येही पहिला खरा बोलपट १९३१ ला आला होता, हेइनोसुके गोशोंचा, आणि तोही याच शोचिकू कंपनीच्या कामाता स्टुडिओतून. म्हणजे तंत्र घरात होतं. तरी तिथे मूकपट अजून काही वर्षं निघत राहिले, एक कारण खर्च आणि थिएटरांची तयारी, आणि दुसरं मोठं कारण म्हणजे बेन्शी. बेन्शी म्हणजे पडद्याच्या बाजूला उभा राहून अख्खा सिनेमा बोलणारा माणूस, सगळ्या पात्रांचे आवाज तोच काढणार, प्रसंगाचं वर्णन तोच करणार, आणि लोक नटाच्या नावावर येत तसेच बेन्शीच्या नावावरही येत. आपल्याकडेही मूकपटाच्या जमान्यात पाट्या मोठ्याने वाचून दाखवणारे असायचे, पण जपानमध्ये ती कला कुठल्या कुठे गेली होती. बोलपट आल्यावर या लोकांची पोटं गेली, १९३२ मध्ये संप झाले, त्यातल्या एका संपात पुढे होता तो हेइगो कुरोसावा, दिग्दर्शक अकिरा कुरोसावांचा थोरला भाऊ, तोही बेन्शी, आणि १९३३ मध्ये त्याने आत्महत्या केली. हे लिहिताना मला दरवेळी थांबायला होतं. आपण ज्या सिनेमाची चर्चा करतोय तो त्याच वर्षीचा.

तर कल्पना करा, प्रेमाचा त्रिकोण, दोन बायका आणि एक पुरुष, आणि तिघांचाही आवाज एकाच गळ्यातून येतोय. फसवणारा, फसलेली आणि गप्प राहिलेली, तिघांची बाजू तोच एक माणूस मांडणार. जुन्या जपानी सिनेमात म्हणूनच लांबलचक शॉट असायचे, कॅमेरा बसला की बसला, कारण बेन्शीला बोलायला वाव हवा. शिमिझुंची पिढी आली आणि त्यांनी बोलणं कटिंगमध्ये घेतलं. माझं मत असं आहे की चर्चमधल्या त्या कटांमध्ये शिमिझुंनी बेन्शीला गप्प बसवलंय, तिथे इतक्या जलद काही बोलताच येणार नाही. हे माझं मत म्हणूनच घ्या, पण एकदा स्वतः मोठ्याने काही तरी बोलत तो सीन बघा, तोंड आपोआप बंद होतं.

शिमिझुंबद्दल दोन ओळी. जन्म १९०३, दिग्दर्शक यासुजिरो ओझूंच्याच वर्षीचा, दोघं मित्र आणि एकाच स्टुडिओतले. १९२४ पासून दिग्दर्शक, म्हणजे वय एकवीस, आणि आयुष्यात दीडशेच्या वर सिनेमे केले, त्यातले कितीतरी आज उरलेले नाहीत. त्यांना सेटपेक्षा बाहेर, रस्त्यावर शूट करायला आवडायचं, आणि इथे योकोहामा जे दिसतं ते १ सप्टेंबर १९२३ च्या भूकंपात पार जमीनदोस्त होऊन दहा वर्षांत परत उभं राहिलेलं शहर आहे. १८५९ मध्ये परदेशी व्यापाराला उघडलेलं बंदर, म्हणून तिथे डोरा, हेन्री, शेरिडन अशी नावं, मिश्र घरातली मुलं. नटही तसेच निवडलेत, हेन्री झालेले उरेओ एगावा यांचे वडील जर्मन. सुनाको झालेली मिचिको ओइकावा १९३८ मध्ये टीबीने गेली, सव्वीस-सत्तावीस वर्षांची. ती पडद्यावर नुसती उभी असते तेव्हा मला हे आठवतं आणि मग मी एडिटर म्हणून बघू शकत नाही, नुसती बघत राहते.

आता माणसं विरण्याबद्दल. सीन चालू असताना फ्रेम तशीच राहते, भिंत तीच, खुर्ची तीच, आणि माणूस हळूहळू नाहीसा होतो. दारातून गेला असं दाखवायचं सोडून. हे कसं करायचे तर त्या काळी असे डिझॉल्व्ह सहसा कॅमेऱ्यातच केले जायचे. कॅमेरा तिपाईवर घट्ट बांधायचा, शॉटच्या शेवटी शटर हळूहळू बंद करत जायचं, किती फ्रेम्समध्ये बंद केलं ते मोजून ठेवायचं, मग फिल्म तेवढीच मागे गुंडाळायची, नटाला बाजूला करायचं, आणि तेवढ्याच फ्रेम्समध्ये शटर हळूहळू उघडायचं. पहिल्या वेळचा माणूस फिका होत जातो आणि दुसऱ्या वेळची रिकामी खोली त्याच्यावर चढत जाते. कॅमेरा केसभर हलला तर भिंतीच्या दोन कडा दिसतात, मग सगळं परत. आज आपण क्रॉस डिझॉल्व्ह ओढून टाकतो, एक सेकंदाचं काम, त्यामुळे मुलांना वाटतं त्यात काय एवढं. पण तेव्हा एवढे कष्ट घेऊन कोणी माणूस पुसून टाकत असेल तर ते सजावटीसाठी नसतं.

मला ते असं वाटतं. कटने माणूस गेला तर तो कुठेतरी गेला, रस्त्यावर असेल, घरी असेल. डिझॉल्व्हने गेला तर त्या खोलीनेच त्याला ठेवून घेतलं नाही. आणि या सिनेमाची गोष्ट नेमकी तीच आहे ना, जागेची. परत आलेल्या सुनाकोला योकोहामात जागाच उरलेली नाही. रस्ता तोच, टेकडी तीच, जहाजं तीच, शाळेतले कपडे जाऊन अंगावर किमोनो आलाय, आणि तिची जागा डोराने भरलीय. डोराने हिसकावून नाही घेतली, तिने कोणाचं काही वाईट केलं नाही, ती फक्त थांबून राहिली आणि जागा मोकळी झाली तेव्हा तिथे होती. वाईट कोणी नाही, आणि म्हणूनच रागवायलाही कोणी नाही.

आता लोकर. सुनाको त्यांच्या घरी येते. डोरा विणकाम करणारी गृहिणी. ग्रामोफोन लागतो, हेन्री आणि सुनाको नाचतात, अगदी डोरासमोर, पाहुणी आहे, जुनी मैत्रीण आहे, काय बिघडलं. आणि डोराच्या लोकरीचा गुंडा खाली, धागा नाचणाऱ्यांच्या पायात येतो. पावलं फिरतायत, धागा दोघांच्या पायांभोवती वेढे घेतोय. एक टोक यांच्या पायात आणि दुसरं टोक डोराकडे! तिघांना बांधणारी ती एक लोकर, विणायला घेतलेली. कोणी कोणाला काही बोलत नाही. मी आयुष्यात प्रेमाचे त्रिकोण भरपूर कापलेत, सिरियलमध्ये तर आठवड्याला दोन, क्लोजअप, क्लोजअप, तिसरा क्लोजअप आणि ढँ, आणि त्या प्रत्येक वेळी मला हा धागा आठवलाय. पायांचा एक शॉट, बस. कोणाचा चेहरा आता कसा झाला असेल हे बघणाऱ्याला स्वतःच करावं लागतं.

आता तुमचा शोकांतिकेचा प्रश्न. जपानी सिनेमाला त्रिकोण कुठून मिळाला हे बघितलं तर उत्तर सापडतं. एक मोठा झरा म्हणजे एकोणिसाव्या शतकाच्या शेवटची शिम्पा नाटकं, म्हणजे त्या काळातली नव्या धाटणीची भावनाप्रधान नाटकं, आणि वर्तमानपत्री कादंबऱ्या. सगळ्यात प्रसिद्ध ‘कोन्जिकी याशा’, १८९७ पासून क्रमशः छापून आलेली, गरीब विद्यार्थी कानइची, त्याची ओमिया, आणि हिरेवाला श्रीमंत तोमियामा. आतामीच्या समुद्रकिनाऱ्यावर चांदण्यात कानइची ओमियाला लाथ मारतो तो प्रसंग जपानमध्ये माहीत नसलेला माणूस मिळणं कठीण. मूकपटात त्याच्या कितीतरी आवृत्त्या निघाल्या, आणि सुरुवातीच्या आवृत्त्यांत तर ओमियाही पुरुषच असायचा, आपल्याकडे ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये अण्णा साळुंके तारामती झाले तसंच, निक्कात्सूच्या स्टुडिओत १९२२ पर्यंत हे चाललं. तो त्रिकोण पैशाचा आहे. पुरुष, पुरुष आणि मध्ये बाई, तिने चूक केली, तिने रडायचं.

दुसरा झरा त्याहून जुना आणि माझ्या दृष्टीने जास्त महत्त्वाचा. नाटककार चिकामात्सुंचं बाहुलीनाट्य, ‘आमिजिमाचा प्रेमी-आत्महत्येचा’ खेळ, १७२०-२१ च्या सुमाराचा. कागदाचा व्यापारी जिहेइ, त्याची बायको ओसान, आणि तो जिच्या पायी वेडा झालाय ती कलावंतीण कोहारू. जिहेइ आणि कोहारू मिळून मरायचं ठरवतात. तर ओसान काय करते, ती कोहारूला पत्र लिहिते, माझ्या नवऱ्याचा जीव वाचव, त्याला सोड. आणि कोहारू सोडते! त्याचा तिरस्कार सहन करते पण पत्राबद्दल अवाक्षर काढत नाही. पुढे ओसानला कळतं की कोहारू आता एकटीच जीव देणार, तर तीच उलट तिला वाचवायला धडपडते, स्वतःचे कपडे गहाण टाकायला काढते. जपानीत याला ‘गिरी’ म्हणतात, देणं लागतो या अर्थाचा शब्द आहे, आणि इथे ती दोन बायकांमधली गिरी आहे. नवरा बिचारा मध्ये नुसता रडतोय. त्रिकोणाची सगळ्यात मजबूत बाजू त्या दोघींमधली आहे.

आता हे डोक्यात ठेवून १९३३ कडे या. त्याच वर्षी, त्याच स्टुडिओतून ओझूंचा ‘हिजोसेन नो ओन्ना’ आला, तोही मूकपट, तिथेही एक गुंड, त्याची मैत्रीण तोकिको आणि एक साधीभोळी मुलगी काझुको. तोकिको पिस्तूल घेऊन त्या मुलीला धमकवायला जाते, आणि मुलगी इतकी आवडून जाते की तिच्या गालाचा मुका घेऊन परत येते. दोन मित्र, एक वर्ष, दोन्हीकडे बाईच्या हातात पिस्तूल, आणि दोन्हीकडे शेवटी बाई दुसऱ्या बाईशी कसं वागते यावर गोष्ट फिरते. मला हा योगायोग वाटत नाही, ती जुनी गिरी रक्तात होती आणि ती आधुनिक कपड्यांत वर आली.

कारण शेवटी बघा काय होतं. सुनाकोच्या शेजारच्या खोलीत एक बाई मरणाला टेकलेली आहे, आणि ती निघते योको, जिच्यावर सुनाकोने गोळी झाडली होती ती. मारायला गेली होती ती वाचली, आणि आता तिच्याच शेजारी, तिच्याच वाटेवरून चार पावलं पुढे जाऊन, मरतेय. सुनाको स्वतःचं पुढचं आयुष्य त्या अंथरुणावर बघते. म्हणजे तुमचा ‘कोणीच मरत नाही’ हा मुद्दा अर्धा बरोबर आहे, तिघांपैकी कोणी मरत नाही, पण पहिल्या त्रिकोणातली तिसरी मरते, आणि ती मरताना दुसऱ्या त्रिकोणातल्या तिसरीला कळतं की आपण निघालं पाहिजे. हेन्री डळमळतोय, त्याला सुनाको अजून हवीच आहे, तिने मनात आणलं असतं तर डोराचा संसार मोडायला फार वेळ लागला नसता. ती मोडत नाही. हेन्रीसाठी नाही मोडत असं मला कधीच वाटलं नाही. तिला टेकडीवरून जहाजं बघणाऱ्या दोघी आठवतात, मी तरी असंच वाचते. हेन्रीवरचं प्रेम बहुधा केव्हाच संपलंय, डोरा मात्र संपलेली नाही. त्रिकोणात तिने गमावलं ते मैत्रिणीला, आणि ते परत मिळवायचा एकच मार्ग म्हणजे तिच्यापासून कायमचं दूर जाणं. म्हणून मी याला शोकांतिका म्हणते. यात मरणाने सुटका होत नाही, जिहेइ-कोहारूला निदान ती होती.

एक प्रॅक्टिकल गोष्ट. जमलं तर एकदा संगीत बंद करून बघा, नेटवर लोक कोणताही ट्रॅक चिकटवतात आणि लोकरीच्या सीनवर व्हायोलिन रडायला लागतं, त्याने सगळं वाया जातं. आणि चांगला बेन्शी मिळाला तर सोडू नका, मिदोरी सावातोंसारखे लोक अजून ही कला करतात.

आणि सुरुवात आणि शेवट लागोपाठ लावून बघा. सुरुवातीला जहाज सुटतंय, धक्क्यावरचे आणि डेकवरचे लोक कागदी फिती हातात धरून आहेत, जहाज लांब जातं तशा फिती ताणत जातात आणि तुटतात. तेव्हा त्या दोघी वरून बघत होत्या, जाणारे कोणी तरी परके होते. शेवटीही जहाज सुटतंय, यावेळी त्यावर सुनाको आहे, मिउराबरोबर. मिउराने काढलेली तिची चित्रं समुद्रात सोडून दिली जातात आणि तिचा चेहरा पाण्यावर तरंगत राहतो, जहाज पुढे जातं आणि तो चेहरा बंदराच्या बाजूलाच मागे राहतो.